पापणीवरचा बिबा

बिबा फोडताना शकुबाई बिब्याकडे पाहत नाही. ती समोरच्या बाईच्या तोंडाकडे पाहते, कारण गप्पा तिथं चाललेल्या असतात. उजव्या हातात हातोडी, डाव्या हातात सांडशी, सांडशीत काळा चकचकीत बिबा आणि खाली दगड. एक ठोका बसला की टरफल उघडतं आणि आतली गोडंबी अख्खी बाहेर येते. नवख्या बाईच्या हातून गोडंबीचे तुकडे होतात आणि तेल उडतं ते वेगळंच. हे काळं तेल फार वाईट. कातडीवर पडलं की डाग पडतो, फोड येतात, माणूस आठ-आठ दिवस खाजवत बसतो. त्याला सगळे 'बिबा उतला' असं म्हणतात. शकुबाईवर तो उतला लग्न होऊन आली त्या वर्षी, मनगटं सुजेपर्यंत. पुढच्या चाळीस वर्षांत पुन्हा कधीच नाही.

"बिबा मले वळखते," असं ती सांगते, आणि तिच्या सांगण्यावर शंका घ्यायची सोय नसते.

महागावपासून बारा-तेरा किलोमीटरवर, डोंगराच्या पायथ्याशी तिचं गाव आहे. हिवाळ्यात पलीकडच्या तांड्यावरची माणसं जंगलातून बिबे गोळा करतात, वाळवतात, आणि मग पार मे महिन्यापर्यंत आठ-नऊ बाया शकुबाईच्या अंगणातल्या मांडवाखाली बसून ते फोडतात. शहरात डिंकाच्या लाडवात जी गोडंबी पडते, ती कुणाच्या हातून आली हे खाणाऱ्याला ठाऊक नसतं. शकुबाईला त्याचं काही वाटत नाही. मांडवातल्या बायांना तिचा शब्द शेवटचा वाटतो, तेवढं तिला पुरतं. कुणाच्या गाईला काय झालं, कुणाच्या पोरीनं कुठं शिकावं, कुणाची सासू खरी आणि कुणाची सून खोटी, सगळे निकाल त्या मांडवात ठोक्यागणिक लागतात. तिचे यजमान भगवानराव ग्रामपंचायतीत पाणी सोडायचं काम करून निवृत्त झाले. ते मांडवाच्या वाटेला जात नाहीत, मागच्या दारानं बाहेर पडतात.

दोन वर्षांपूर्वीच्या जानेवारीत तिच्या एकुलत्या एक पोराचं, कपिलचं लग्न झालं. कपिल महागावच्या स्टँडवर मोबाइल दुरुस्त करतो. सून वैष्णवी नेरची, बी.एस्सी. झालेली; लग्नानंतर तिला महागावच्याच एका शाळेत विज्ञान शिकवायचं काम मिळालं. सून शिकलेली आहे याचा शकुबाईला अभिमान होताच, पण खरी भुरळ पडली ती तिच्या केसांची. कमरेच्या खाली जाणारे, जाडजूड, काळेभोर केस. शकुबाईला मुलगी नव्हती. कपिलच्या डोक्यावर तेल घालायला जावं तर तो चौथीपासून पळून जात असे. लग्नानंतरच्या पहिल्याच रविवारी तिनं सुनेला पुढ्यात बसवलं, वाटीभर खोबरेल कोमट केलं आणि तासभर तिचं डोकं चोळलं.

"आई, झोप येऊन राह्यली मले," वैष्णवी म्हणाली.

"येऊ दे ना मंग. कोनाच्या बापाचं खाऊन राह्यली का तू?"

रविवारी बिब्याला सुट्टी. शकुबाई राखेनं हात घासायची, मग साबणानं, मग पुन्हा राखेनं, आणि मगच सुनेच्या केसांना शिवायची. आठवड्यातला तो एक तास तिच्या इतका जिवाचा झाला, की शनिवारी संध्याकाळीच ती तेलाची बाटली उन्हात नेऊन ठेवत असे.

तीन रविवार असे सुखात गेले. चौथ्या रविवारनंतरच्या मंगळवारी सकाळी वैष्णवी उठली ती डोळे न उघडता येण्यासारखी. पापण्या फुगून टम्म, कानांच्या पाळ्या लाल, मानेवर बारीक पाण्याचे फोड. शकुबाई घाबरली आणि घाबरली की ती जे करते तेच तिनं केलं, म्हणजे चौकशी बसवली. मंगळवार हा गावच्या बाजाराचा दिवस. बाजारातून काय आलं? वांगी. वांगी बंद झाली. पुढच्या मंगळवारी पुन्हा तेच. मग हरभऱ्याची भाजी बंद झाली. मग अंगाचा साबण बदलला. मग नळाच्या पाण्यावर संशय आला, तसे भगवानराव दुखावले, कारण नळ त्यांनी तीस वर्षं सोडला होता. मग घरातली मांजर लांबच्या वावरात नेऊन सोडली. ती दुसऱ्या दिवशी दुपारी परत आली आणि आल्याआल्या दूध प्यायली. मंगळवार काही ऐकत नव्हता.

वैष्णवी पंधरा दिवस माहेरी जाऊन राहिली. तिथं चेहरा असा स्वच्छ झाला, की तिच्या आईनं फोटो पाठवला. ती परत आली, शकुबाईनं आनंदानं रविवारी तिचं डोकं चोळलं, आणि मंगळवारी पापण्या पुन्हा बंद.

आता इथं एक गोष्ट झाली, जी दुसऱ्या कुठल्या गावात झाली नसती. शकुबाईनं सुनेचे फोड जवळून पाहिले आणि ते ओळखले. तो बिबा होता. चाळीस वर्षांची नजर होती ती, चुकणार कशी? पण वैष्णवी तर मांडवाकडे फिरकतही नसे, बिब्याचा वाससुद्धा तिला सहन होत नसे. आणि बिबा जिथं लागतो तिथंच उततो, हे मांडवातल्या लहान पोरीलाही ठाऊक. तो पापणीवर उतला, म्हणजे कुणीतरी बोटानं पापणीवर लावला. घरात दुसरं कोण लावणार? माहेरी गेली की बरी, सासरी आली की सुजलेली. शिवाय कपिल मध्यंतरी महागावला खोली बघण्याबद्दल बोलला होता. शकुबाईच्या डोक्यात सगळे दाणे एका माळेत बसले आणि तिनं निकाल दिला, तोही मांडवात, नऊ बायांसमोर, हातोडी थांबवून.

"थे सोताच लावते तोंडाले बिबा. येगळं ऱ्हायाचं हाय तिले. मले का समजत नाई?"

शेजारची लालीबाई तांड्यावरून रोज फोडायला येते. ती म्हणाली, "याडी, माय वं! सोताच्या डोयाले कोन लावते, शकुबाई?"

"शिकेल पोरी काई बी करतात."

वैष्णवी तेव्हा न्हाणीत होती. न्हाणी आणि मांडव यांच्यामध्ये एक पत्रा आहे फक्त.

ती रडली नाही, भांडलीही नाही. संध्याकाळी तिनं सासूला एवढंच म्हटलं, "आई, उद्या यवतमाळले डॉक्टरकडे जाऊन राह्यली मी. तुमी संग चला. त्या म्हनल्या की मी सोता लावते, तर मी मांडवात येऊन कबूल करीन. नाई म्हनल्या, तर एक तारखेपासून आमी खोलीवर ऱ्हायाले जाऊ. कपिलनं बोलून ठेवलं हाय."

शकुबाईला वाटलं, बरं झालं, पोरगी आपल्याच तोंडानं फसली. ती नवी साडी नेसून निघाली.

एसटी आर्णीवरून यवतमाळला पोचली तेव्हा ऊन चढलं होतं. त्वचेच्या डॉक्टर मोनाली तिशीच्या, मूळच्या वणीच्या. त्यांनी वैष्णवीच्या पापण्या भिंगातून पाहिल्या, कान उलटून पाहिले आणि विचारलं, "कोणत्या वारी होतं?"

"मंगळवारी," सासू-सून एकदमच म्हणाल्या.

"मंगळवारी घरात काय होतं?"

शकुबाईनं वांग्यापासून मांजरापर्यंत सगळी यादी सांगितली. डॉक्टर हसत ऐकत होत्या. मग म्हणाल्या, "मावशी, तुम्ही बिचाऱ्या मंगळवारला उगाच झोडपून राह्यल्या. तो निर्दोष आहे. मले रविवारचं सांगा."

"रविवारचं काय सांगाचं? रविवारी सुट्टी असते. त्या दिवशी मी तिचं डोस्कं—"

शकुबाई थांबली. मग जोरात म्हणाली, "पन डोस्क्याले तर एक फोड नाई! पाहा तुमी! बिबा जठी लागते तठीच उतते. चाळीस वर्सं झाले मले, मॅडम."

"हात दाखवा बरं."

शकुबाईनं हात पुढे केले. धुतलेले, स्वच्छ, भेगाळलेले हात. डॉक्टरांनी एकेक बोट दिव्याखाली धरलं. नखांच्या आत, कडेकडेनं आणि भेगांच्या तळाशी केसाएवढ्या काळ्या रेघा होत्या.

"एवढ्यानं?" शकुबाईनं बोट डोळ्यांजवळ नेलं.

"एवढं खूप झालं. आता ऐका. डोक्याची कातडी जाड, तिले या एवढ्याशाचं काही वाटत नाही. पण तेल तिथं थांबते का? झोपेत कपाळावर येते, मानेवर उतरते. केसांतला हात डोळ्याले लागते. आणि पापणीची कातडी अंगात सगळ्यात पातळ. तिथं लागलं की झालं."

"मंग दोन दिस काहून लागतात? माह्यासमोर कोनाले लागलं तर त्याले त्याच दिशी आग होते!"

डॉक्टरांनी खुर्ची पुढे ओढली. त्यांना आवडणारा प्रश्न आला होता.

"भरपूर तेल पडलं तर कातडी तशीच भाजते, ते वेगळं. इथं लागलं नखाएवढं, भाजण्यापुरतं नाहीच. इथं भांडण शरीर करते. शरीर ज्या वस्तूले पाहून पहारा उठवते, तिले म्हणायचं अँटिजन. त्यांच्या जाती असतात. जंतू बाहेरून येते, त्याचे तुकडे पाहून पहारा उठते. एखादा विषाणू आपल्याच पेशीत घुसून आतून आपला माल बनवते, तो पेशीच्या दारावर दिसला की त्या पेशीलेच पाडावं लागते. कधी कधी तर पहारेकरी येडे होतात आन् आपल्याच माणसाले चोर समजतात. मधमाशीचं विष हे आणखी एक. ज्याले त्याचं वावडं, त्याले पाच मिनिटांत सूज. बिब्याचं तेल यातल्या कशातच बसत नाही. त्याचा कण इतका बारीक असते की पहारेकरी त्याच्याकडे पाहतही नाहीत. तो अर्धाच अँटिजन आहे."

"हॅप्टन," वैष्णवी सुजलेल्या डोळ्यांनी पुटपुटली.

"शाब्बास! कुठं शिकल्या?"

"बी.एस्सी.ले. पाच मार्कांसाठी पाठ केलं होतं." आणि मग तिला स्वतःचंच हसू आलं. पाठ केलेलं तिच्या स्वतःच्या पापणीवर दोन महिने बसून होतं आणि तिला ओळखता आलं नव्हतं.

"तर तो अर्धा कण," डॉक्टर शकुबाईकडे वळल्या, "आपल्या कातडीतल्या प्रथिनाले चिकटते. आता पहारेकऱ्याले काय दिसते? माणूस तर घरचा, पण अंगावर सदरा परका. तो घाबरते. तो तुकडा घेऊन गळ्याजवळच्या गाठीत जाते आणि तिथल्या शिपायांले दाखवते, की असा सदरा दिसला तर धरायचं. या शिकवणीले दहा-पंधरा दिवस लागतात. तोवर बाहेर काहीच दिसत नाही. म्हणून पहिले तीन रविवार ठीक गेले. एकदा शिकले की ते शिपाई जन्मभर विसरत नाहीत. पुढच्या वेळी तेल लागलं की ते अंगभरातून गोळा होतात, त्यालाच दोन दिवस लागतात. रविवारी तेल, मंगळवारी सूज."

शकुबाईनं रविवार ते मंगळवार बोटांवर मोजून पाहिलं.

"मंग मले काहून नाई होत?" शकुबाईनं विचारलं, पण आता ती भांडत नव्हती.

"काही अंगं रोजच्या संगतीनं थकतात आणि भांडण सोडतात. का, ते आम्हालेबी अजून पुरतं समजलं नाही. उद्या तुमच्यावरही उतू शकते."

वैष्णवीनं स्पष्टच विचारलं, "मॅडम, मी सोता लावलं असं होऊ शकते का?"

"सोता लावलं असतं तर बोटाचा डाग दिसला असता. कान, मान, पापण्या, डोकं साफ, हे सगळं वरून ओघळलेल्या तेलाचं चित्र आहे." डॉक्टरांना मांडवातला निकाल ठाऊक नव्हता, म्हणून त्या सहज बोलून गेल्या. "हे सासूच्या मायेनं झालेलं आहे."

शकुबाईनं दोन्ही हात पदराखाली घेतले. आपण सुनेच्या तोंडाला दर रविवारी आपल्या हातानं बिबा लावला, तासभर, गाणी म्हणत, आणि वर तिलाच चोर ठरवलं. तिला इतकी लाज वाटली, की डॉक्टरांनी पुढं सांगितलेलं तिला अर्धंच ऐकू आलं. फोडण्याचं काम घरापासून लांब करा, हातमोजे घाला, कामाची साडी वेगळी ठेवा, ती वेगळी धुवा, तेलाच्या बाटलीला कामाचा हात लावू नका. आणि आंबा बिब्याच्याच भावकीतला, त्याच्या चिकानंही हिचं तोंड सुजू शकतं, तेव्हा आंबे दुसऱ्या कुणी सोलायचे.

परतीच्या एसटीत शकुबाईनं पदराखालचे हात एकदाही बाहेर काढले नाहीत. कंडक्टरला वाटलं, म्हातारीचा हात मोडला आहे, म्हणून त्यानं खिडकीची जागा दिली.

आर्णी मागं पडल्यावर शकुबाई म्हणाली, "चुकलं माह्यं, वैष्णवी. आता तर समजलं ना, कायनं होते थे? मांडव उद्याच हालवतो लालीबाईच्या अंगनात. तू बरी होशीन. जाऊ नको खोलीवर."

वैष्णवी खिडकीबाहेर पाहत होती. "सूज तर जाईन, आई. थे मले समजलं. पन नऊ बायांसमोर तुमी जे बोलल्या, थे कुठं जाईन? आज सकाळी महागावच्या स्टँडवर शाळेतल्या शिपायानं मले विचारलं, मॅडम, तुमी तोंडाले बिबा कायले लावता? आता आपल्या गावात मी रोज कशी निंगू?"

माया केल्याची शिक्षा पोरीच्या कातडीनं भोगली, ते एकवेळ समजण्यासारखं होतं; पण तिच्या नावाला जे लागलं, ते तिच्या जिभेनं लावलं होतं.

दुसऱ्या दिवशी बाया मांडवात जमल्या तेव्हा दगड उचलून एका बाजूला ठेवलेले होते आणि शकुबाई उभी होती. ती कामाच्या वेळी उभी राहिलेली कुणी कधी पाहिली नव्हती. लालीबाईनं विचारलं, "काय झालं वं? कोन गेलं?"

"कोनी नाई गेलं. आयका सगळ्या. परवा मी म्हनलं होतं, माही सून सोताच तोंडाले बिबा लावते. थे खोटं हाय. बिबा माह्या नखातनं गेला. मी तिच्या डोस्क्याले तेल लावत होती, त्याच्यातनं गेला. तिनं काईच नाई केलं. सून खरी हाय, मी खोटी."

बाया एकमेकींकडे पाहू लागल्या. शकुबाईचा निकाल फिरलेला त्यांनी ऐकला नव्हता, शकुबाईनंच फिरवलेला तर नाहीच.

"आन् आता," शकुबाईनं बोट नाचवलं, आवाज तिचा परत आला होता, "परवाची गोष्ट जितक्या जोरात गावात सांगितली ना, तितक्याच जोरात हे सांगाचं. तांड्यावर लालीबाई सांगन. नळावर तुमी दोघी. महागावच्या शाळेत मी सोता जातो."

आणि ती गेली. अकराच्या जीपनं जाऊन शाळेच्या फाटकावर त्या शिपायाला उभा करून तिनं त्याला अँटिजन समजावला. तिला तो शब्द नीट म्हणता येत नव्हता, पण सदऱ्याची गोष्ट तिनं बरोबर सांगितली. शिपाई म्हणाला, "आजी, मले समजलं, पन मले घंटा वाजवाची हाय."

गावानं मात्र आपलं काम चोख केलं. गोष्ट मांडवातून नळावर, नळावरून पिठाच्या गिरणीवर गेली आणि प्रत्येक ठिकाणी थोडी वाढली. संध्याकाळी वैष्णवी शाळेतून येऊन जीपमधून उतरली, तेव्हा गिरणीपाशी दोन बाया तिला हळहळत म्हणाल्या, "काय वं बाई, सासूनं रागानं तोंडाले बिबा फासला म्हंते तुह्या? पोलिसात काहून नाई गेली?"

वैष्णवी जागीच वळली. "कोन म्हनलं असं? रागानं? अवं, तासभर मांडीवर डोस्कं घेऊन तेल लावत होत्या त्या! माह्या मायनं कधी लावलं नाई तसं!" आणि ती तिथंच गिरणीच्या ओट्यावर बसली, पर्स बाजूला ठेवली आणि दोघींना पहिल्यापासून सांगू लागली, पहारेकरी, गाठ, शिपाई, दोन दिवस, सगळं. दळण घेऊन आलेले आणखी तिघे-चौघे थांबले. गिरणीवाल्यानं गिरणी बंद केली.

ती घरी आली तेव्हा दिवेलागण झाली होती. भगवानराव ओट्यावर आंबा सोलत बसले होते, सहासष्ट वर्षांत पहिल्यांदा, आणि अर्धा गर सालीबरोबर टाकत होते. शकुबाई दाराआड उभी राहून कान देत होती, बाहेर यायचं धाडस तिला होत नव्हतं.

कपिलनं बायकोला विचारलं, "खोलीवाल्याचा फोन आलता. एक तारखेले येता का म्हनून विचारून राह्यला. काय सांगू?"

"नाई म्हनून सांग," वैष्णवी पायातली चप्पल काढत म्हणाली. "इकडं अर्धं गाव आईच्या नावानं काईच्या बाई बोलून राह्यलं. त्याइले समजावून सांगाले कोन ऱ्हाईन अठी?"